माथेरानचा खून, रशियन भाषेत

सुमंतराव पाटणकर तसे सोशीक गृहस्थ. अमेरिकेतल्या वेस्ट विंडसरमध्ये इतकी वर्षं राहून त्यांनी शेजाऱ्याच्या पानं उडवायच्या यंत्राचा भोंगा सोसला, प्रिन्स्टन जंक्शनच्या पार्किंगची वेटिंग लिस्ट सोसली, आणि मराठी मंडळाच्या प्रत्येक दिवाळीला नारिंगी जॅकेट घालून थंडीत गाड्या लावून घेण्याचं काम सोसलं. त्यांना सोसत नसे एकच गोष्ट, ती म्हणजे रहस्यकथेचा शेवट आधी सांगणारा माणूस. अशा माणसाला तुरुंगात टाकावं आणि तिथे त्याला शेवटची पानं फाडलेल्या कादंबऱ्याच वाचायला द्याव्यात, असं त्यांचं मत होतं. हे मत ते कोणी न विचारताही सांगत.

याच्या मुळाशी होती ‘माथेरानचा अकरावा पाहुणा’ ही कादंबरी. एका गाजलेल्या इंग्रजी खूनकथेचं हे मराठी रूपांतर. रूपांतरकार हिमतीचा माणूस होता. त्याने इंग्लंडातल्या बर्फाचं माथेरानचं धुकं केलं, लॉर्डसाहेबांचे नानासाहेब केले, पाद्र्याचा कीर्तनकार केला आणि जेवणानंतरच्या पुडिंगच्या जागी शेवयांची खीर वाढली. बंगल्यात अकरा पाहुणे, खोलीला आतून कडी, आणि खुर्चीत नानासाहेब मरून पडलेले. सुमंतरावांनी हे पुस्तक आठवीत, अंगात ताप असताना एका बैठकीत वाचलं. शेवटच्या प्रकरणाला त्यांच्या काळजात जे धडधडलं, तसं पुढे लग्नातसुद्धा धडधडलं नाही. पुस्तक मग त्यांनी कितीतरी वेळा वाचलं, पण ती धडधड काही परत आली नाही. येणार कशी? खुनी कोण ते आता माहीत होतं. ते इथे सांगणं सुमंतरावांना मुळीच आवडणार नाही, पण त्याशिवाय आपली गाडी पुढे सरकायची नाही. खुनी होता मुनीम.

त्याच मूळ इंग्रजी कथेवर रशियन लोकांनीही एक सिनेमा काढला होता. सुमंतरावांनी तो कॉलेजात असताना पुण्याच्या एका फिल्म क्लबात पाहिला होता. सबटायटल्स नव्हती आणि रशियन कोणालाच येत नव्हतं, पण पुस्तक पाठ असल्यामुळे त्यांना सगळं कळलं. शेवटची वीस मिनिटं मात्र त्यांनी पाहिली नाहीत. होस्टेलची मेस बंद व्हायची वेळ झाली होती, आणि मुनीम पकडला जाणार हे ठरलेलंच होतं. त्या दिवशी मेसमध्ये पडवळाची भाजी होती, हेही त्यांना अजून आठवतं.

एवढी पार्श्वभूमी पुरे. या वर्षी मंडळाची अध्यक्ष झाली अनया. ही उत्साही बाई. तिने सगळ्यांना ईमेल धाडली की फेब्रुवारीच्या कार्यक्रमासाठी नव्या आयडिया द्या. फेब्रुवारीत दर वर्षी डॉक्टर नरेंद्र गुर्जरांचा कराओके असे. डॉक्टर नरेंद्र म्हणजे मंडळाचे संस्थापक, निवृत्त हृदयरोगतज्ज्ञ. त्यांनी मंडळातल्या निम्म्या लोकांची हृदयं तपासली होती आणि उरलेल्यांची गाऊन पिळवटली होती. मीटिंगमध्ये सुमंतरावांनी आयुष्यात पहिल्यांदा हात वर केला.

“रशियन सिनेमा दाखवू या. आपल्या ‘अकराव्या पाहुण्या’वरचा. मी माइकवरून मराठीत सांगत जाईन.”

“पाटणकर, तुम्हाला रशियन येतं?” डॉक्टर नरेंद्रांनी विचारलं.

“मला माथेरान येतं,” सुमंतराव म्हणाले. या उत्तरावर टाळ्या पडल्या, आणि टाळ्या पडल्या की माणूस अडकतो.

“काका, आय लव्ह इट! डन!” अनया म्हणाली. “फक्त एक आहे. लोक आले नाहीत ना, तर कराओके आपण पर्मनंट करून टाकू. व्होट झालंय तसं.”

म्हणजे सुमंतरावांच्या एकट्याच्या खांद्यावर सगळ्या वेस्ट विंडसरच्या कानांची जबाबदारी आली.

सिनेमाची डीव्हीडी मिळाली शेजारच्या गालिना पेत्रोव्नांकडे. या सत्तरीपुढच्या रशियन बाई, पूर्वी गणिताच्या शिक्षिका. सुमंतरावांनी कुंपणावरून त्या सिनेमाचं वर्णन केलं तेव्हा गालिनाबाई आत गेल्या आणि डीव्हीडी, काकडीचं लोणचं आणि एक केक घेऊन बाहेर आल्या. दाखवायची परवानगी कोणाची घ्यायची, यावर दोन आठवडे गेले. शेवटी निर्मात्याचा नातू ब्रुकलिनमध्ये सापडला. त्याने व्हॉट्सॲपवर रशियनमध्ये लांबलचक व्हॉइस मेसेज पाठवला. तो ऐकून गालिनाबाई रडल्या आणि म्हणाल्या, “ही सेज यस.”

मग सल्ले सुरू झाले. आपल्याकडे माणूस घर बांधायला काढो की दात काढायला, सल्ला देणाऱ्यांची वानवा नसते. मंडळातल्या मृणालिनीताईंनी सुचवलं की मध्ये दोन गाणी टाका, लोक कंटाळतील. कोणी म्हणालं, खून लहान मुलांना दाखवू नका. त्यावर दुसऱ्याने सांगितलं की मुलांना रोज फोनवर चाळीस खून दिसतात, तुमच्या एकाने काय होतंय? रवी म्हणून एक आयटीवाला होता. तो म्हणाला, “काका, एवढं टेन्शन कशाला घेताय यार, एआयला लावतो ना सबटायटल्स करायला.” त्याने रात्रभर कॉम्प्युटर चालवला. सकाळी सबटायटल्स आली. दोन तासांच्या सिनेमाखाली सुरुवातीपासून शेवटपर्यंत ‘संगीत वाजत आहे’ एवढंच लिहिलेलं होतं. खून झाला तेव्हासुद्धा संगीतच वाजत होतं.

हॉलचं प्रकरण त्याहून अवघड निघालं. टाउनशिपच्या, म्हणजे तिथल्या नगरपालिकेच्या, सिनियर सेंटरच्या अर्जावर कार्यक्रमाचं स्वरूप लिहायचं होतं. सुमंतराव सरळमार्गी माणूस, त्यांनी लिहिलं, ‘एक खून आणि बटाटेवडे.’ दुसऱ्या दिवशी ऑफिसातून एका बाईंचा फोन.

“सर, इज द मर्डर लाइव्ह?”

“नो, नो. ओल्ड मर्डर. रशियन.”

मग बाईंनी विचारलं की खुनाच्या वेळी खाद्यपदार्थ दिले जाणार आहेत का. सुमंतरावांनी सांगितलं की नाही, खून मध्यंतराच्या आधी आहे, वडे नंतर. आत तळण करायचं नाही आणि सहाला हॉल रिकामा करून किल्लीवाल्या डेनिसच्या ताब्यात द्यायचा, या अटींवर परवानगी मिळाली. अपमान एवढाच झाला की मंजुरीच्या पत्रात कार्यक्रमाचं नाव ‘पोटॅटो इव्हेंट’ असं आलं.

आता तालीम. सुमंतराव रोज दुपारी गालिनाबाईंच्या दिवाणखान्यात जाऊन बसत. सिनेमा चाले, गालिनाबाई इंग्रजीत सांगत, सुमंतराव ते मनातल्या मनात माथेरानला नेत. सोबत शरयूताई असत. या सुमंतरावांच्या सौभाग्यवती. त्यांनी ‘अकरावा पाहुणा’ कधीच वाचला नव्हता. वाचायला घेतला की सुमंतराव मागे उभे राहून “आता बघ हं, आता बघ” करत, म्हणून तिसऱ्या पानाच्या पुढे त्या कधी गेल्याच नाहीत. शेवटच्या वीस मिनिटांपाशी सिनेमा आला तसे सुमंतराव ताडकन उठले.

“स्टॉप! गालिना, स्टॉप. शरयूला शेवट माहीत नाही. मला माहीत आहे. आपण इथेच थांबू.”

“बट सुमंत, लास्ट पार्ट इज मोस्ट टॉकिंग,” गालिनाबाई म्हणाल्या. “यू नीड मी.”

“आय नो एव्हरी वर्ड,” सुमंतराव छातीवर हात ठेवून म्हणाले. गालिनाबाईंनी खांदे उडवून केक कापला.

तेवढ्यावर निभावलं असतं, पण त्यांची मुलगी अंतरा जर्सी सिटीहून शनिवारी घरी आली. अंतरा वकील. तिने ती कादंबरी शाळेत मूळ इंग्रजीत वाचली होती. जेवताना बाबांनी आपलं निवेदन तिला थोडं म्हणून दाखवलं, तर तिचा घास हातातच राहिला.

“वेट, बाबा. मुनीम म्हणजे सेक्रेटरी ना? यू डू नो दॅट द एंडिंग इज…”

“एक शब्द नाही!” सुमंतराव गरजले. “आई बसलीय इथे!”

“ओके, बट कॅन आय टॉक टू यू इन द गराज?”

“गराजमध्ये शेवट सांगितला म्हणजे तो शेवट नसतो का? तत्त्व म्हणजे तत्त्व!”

अंतराने नंतर त्यांना मेसेज केला, तो त्यांनी न वाचता पुसला. फोन केला, तर “सिनेमाचं बोलणार असशील तर ठेवतो” म्हणून ठेवला. शेवटी ती आईला म्हणाली, “आय हॅव अ क्लायंट हू इज रिफ्यूजिंग टू बी सेव्ह्ड.” शरयूताई म्हणाल्या, “मला काही सांगू नकोस बाई, यांना कळलं तर जेवायचे नाहीत.”

कार्यक्रमाच्या दिवशी हॉल गच्च भरला. कराओकेच्या भीतीने माणसं कुठून कुठून आली होती. डीव्हीडी हॉलच्या मशीनवर चालेना, कारण ती रशियात विकलेली आणि हे मशीन अमेरिकेत. मग गालिनाबाईंचा जुना प्लेयर आणला. तो डोक्यात थापट मारल्याशिवाय सुरू होत नसे. थापट किती जोरात मारायची ते फक्त गालिनाबाईंना माहीत होतं, म्हणून त्यांची खुर्ची प्लेयरशेजारीच मांडली.

आणि काय सांगावं, सुमंतराव रंगले! पडद्यावर सूटबूटातले रशियन लोक इंग्लिश असल्याचं नाटक करत चहा पीत होते, आणि माइकवरून आवाज येत होता, “हे आपले नानासाहेब. खिरीत वेलदोडा जास्त झालाय म्हणून रागावलेत.” कीर्तनकारबुवा पाद्र्याच्या झग्यात आले तेव्हा हॉल खो खो हसला. पडद्यावर बंगल्याबाहेर बर्फ पडत होता, तर सुमंतराव म्हणाले, “धुकं दाट झालंय, शार्लोट लेकसुद्धा दिसत नाही.” सगळ्या म्हाताऱ्या मंडळींनी हे पुस्तक लहानपणी वाचलेलं. ती पुढचं वाक्य आधीच पुटपुटत होती. मग दार फोडलं गेलं. पाहुण्यांत एक डॉक्टर होते, ते सगळ्यांना मागे सारून आत शिरले, खुर्चीतल्या नानासाहेबांवर वाकले, पडदाभर त्यांची पाठ दिसू लागली. सुमंतरावांनी आवाज खाली आणला.

“डॉक्टर नाडी बघतायत. आणि… नाही. तासाभरापूर्वीच सगळं संपलंय.”

“नाडी नीट बघतोय हं,” पहिल्या रांगेतून डॉक्टर नरेंद्र शेजाऱ्याला म्हणाले. “असंच वाकून बघायची. हल्लीची पोरं मशीनकडे बघतात.”

मध्यंतरात लोक वडा खात सुमंतरावांच्या पाठीवर थाप मारत होते. पाठीला चटणी लागली तरी त्यांना पर्वा नव्हती. शरयूताई बशी घेऊन आल्या आणि सहज म्हणाल्या, “अहो, मला त्या डॉक्टरचाच संशय येतोय.”

सुमंतराव इतके हसले की ठसका लागला. “डॉक्टर! ऐका हो, हिला डॉक्टरचा संशय येतोय!” सगळे जाणते हसले. खुनी कोण ते माहीत असलेली माणसं माहीत नसलेल्या माणसाकडे बघून जशी हसतात, तशी. डॉक्टर नरेंद्र प्रेमाने म्हणाले, “वहिनी, आमच्या धंद्यात असलं नसतं.” शरयूताईंनी सुमंतरावांच्या बशीतला उरलेला अर्धा वडा उचलून खाल्ला.

शेवटची वीस मिनिटं आली. दिवाणखान्यात सगळे पाहुणे जमले. इन्स्पेक्टर मधोमध उभा. सुमंतराव आता चित्राच्याही पुढे धावू लागले.

“बघा, इन्स्पेक्टर मुनिमाकडे वळतोय. मुनिमाच्या कपाळावर घाम.”

इन्स्पेक्टर मुनिमापाशी गेला, त्याला सिगारेट दिली, पेटवून दिली आणि पुढे निघाला.

“त्याला… आधी बेसावध करतोय,” सुमंतराव म्हणाले.

इन्स्पेक्टर डॉक्टरांसमोर थांबला. खूप वेळ काहीतरी बोलला. डॉक्टरांनी चष्मा काढून पुसला.

“डॉक्टरांना साक्षीला बोलावतोय.”

डॉक्टर एकदम उठले आणि खिडकीकडे धावले.

“डॉक्टरांना… जरा घाई आहे.”

मागच्या रांगेत कोणीतरी फिसकन हसलं. खिडकीबाहेरून दोन पोलीस आत आले आणि त्यांनी डॉक्टरांच्या हातात बेड्या घातल्या. सुमंतरावांनी माइक हळूच खाली केला. मुनीम मागे आरामात धूर सोडत बसला होता.

“पाटणकर!” डॉक्टर नरेंद्र उभे राहिले. “हे काय चाललंय? डॉक्टरला कशाला धरलं? खुनी मुनीम आहे! सगळ्या महाराष्ट्राला माहीत आहे!”

“काका?” अनयाने घाबरून विचारलं. प्लेयरशेजारी गालिनाबाई हाताची घडी घालून बसल्या होत्या. भिंतीला टेकून अंतरा उभी होती आणि तिने डोळे झाकून घेतले होते. रशियन लोकांनी कथेची वाट लावली असं म्हणून सुटता आलं असतं. निम्म्या हॉलने ते मानलंही असतं. त्यांनी माइक तोंडाशी नेला आणि त्याच क्षणी त्यांना छातीत काहीतरी जाणवलं. डॉक्टर नरेंद्रांना दाखवण्यासारखं ते नव्हतं. धडधडत होतं. आठवीत, तापात, शेवटच्या प्रकरणाला धडधडलं होतं अगदी तसं.

“मला माहीत नाही,” सुमंतराव माइकवर म्हणाले, आणि त्यांना इतका आनंद झाला की त्यांनी ते पुन्हा सांगितलं. “अहो, मला माहीत नाही! डॉक्टर का? कसा? मला काही म्हणजे काही माहीत नाही!”

मग मृणालिनीताई म्हणाल्या, “मलाही नाही!” आणि त्यांचा आवाज एखाद्या शाळकरी मुलीचा झाला होता. पन्नास पन्नास वर्षं ज्या गोष्टीचा शेवट सगळ्यांना पाठ होता, तिचा खुनी कोण हे आता त्यांच्यातल्या कोणालाच सांगता येत नव्हतं.

“गालिना! प्लीज! व्हॉट इज ही सेइंग?” सुमंतराव ओरडले.

गालिनाबाईंनी प्लेयरला एक थापट मारून सिनेमा थांबवला, दुसरी मारून मागे नेला, आणि वर्गात उभ्या राहाव्यात तशा उभ्या राहिल्या. त्या इंग्रजीत सांगू लागल्या. अंतराने पुढे येऊन बाबांच्या हातातून माइक घेतला आणि आपल्या मोडक्यातोडक्या मराठीत सुरू केलं. सुमंतराव पहिल्या रांगेसमोर जमिनीवरच मांडी घालून बसले.

“तो इन्स्पेक्टर म्हणतोय की… दार तोडलं तेव्हा नानासाहेब डेड नव्हते. ते झोपले होते. डॉक्टरने खीरमध्ये झोपेचं औषध टाकलं होतं. मग सगळ्यांच्या समोर तो आत गेला, पहिला, आणि ही बेंट डाउन. सगळ्यांना वाटलं नाडी बघतोय.”

पडद्यावर तीच पाठ पुन्हा दिसली. या वेळी कॅमेरा पुढच्या बाजूने होता. डॉक्टरांच्या हातात बारीक सुई होती.

“तो नाडी बघत नव्हता,” अंतरा म्हणाली.

ऐंशी माणसांच्या तोंडून एकदम “आईगं!” निघालं. सुमंतरावांनी दोन्ही हातांनी डोकं धरलं. “मीच सांगितलं! माइकवरून! नाडी बघतायत म्हणून मीच सांगितलं!”

“आणि मी त्याचं कौतुक केलं,” डॉक्टर नरेंद्र खुर्चीत बसत क्षीण आवाजात म्हणाले.

दिवे लागले तेव्हा कोणी उठेना. सगळे एकाच वेळी बोलत होते. मुनिमाला पन्नास वर्षं विनाकारण खुनी ठरवल्याबद्दल मृणालिनीताई हळहळत होत्या. रूपांतरकाराने खुनी का बदलला, यावर डॉक्टर नरेंद्रांचा निदानासकट तर्क तयार होता. “त्याचा सासरा डॉक्टर असणार. लेखकाला पुस्तक छापून झाल्यावर सासरवाडीला जायचं असतं.” अंतराला सगळ्यांनी घेरलं. तिने हात वर केले. “आय ट्राइड टू टेल हिम! ही हंग अप ऑन मी!” अनया सुमंतरावांचा हात हातात घेऊन म्हणाली, “काका, तुम्ही हे सगळं प्लॅन केलंत? तुम्हाला माहीत नसल्याचं काय ॲक्टिंग केलंत!” शरयूताईंनी मात्र आपली खुर्ची त्यांच्याकडे वळवली.

“मध्यंतरात कोण कोणाला हसत होतं?” त्यांनी विचारलं.

“मी,” सुमंतराव म्हणाले. “शरयू, तू एकटीने ओळखलंस. एवढ्या माणसांत तू एकटी.” आणि ऐंशी माणसांसमोर त्यांनी बायकोला कोपरापासून नमस्कार केला. शरयूताई लाजून इतक्या लाल झाल्या की गालिनाबाईंनी टाळ्या वाजवल्या.

एवढ्यात दार उघडून डेनिस आला. धिप्पाड, हसरा माणूस, कमरेला किल्ल्यांचा जुडगा. सहा कधीच वाजून गेले होते. इतकी म्हातारी माणसं इतकी लाल झालेली पाहून तो दारातच थबकला.

“फोक्स, आय गॉट टू लॉक अप,” तो म्हणाला. मग कुतूहलाने, “गुड मूव्ही, हं? सो हू डिड इट?”

डॉक्टर नरेंद्रांनी तोंड उघडलं. “नोऽऽऽ!” म्हणून सगळा हॉल ओरडला, आणि गालिनाबाईंनी मंडळाच्या संस्थापकांच्या तोंडावर सरळ हात ठेवला.

सुमंतराव जमिनीवरून उठले. त्यांनी डेनिसला खुर्ची दिली, हातात गार वडा दिला.

“डेनिस, सिट. देअर इज अ हिल स्टेशन. माथेरान. नो कार्स अलाउड.”

“नो कार्स?” डेनिस म्हणाला आणि बसला.

लोक आपापल्या जागी परत बसले. सुमंतरावांनी बंगला सांगितला, धुकं सांगितलं, अकरा पाहुणे सांगितले, खीर सांगितली. कोणी खोकलंसुद्धा नाही. दार फोडलं गेलं, डॉक्टर सगळ्यांना मागे सारून आत शिरले, नानासाहेबांवर वाकले. “अँड द डॉक्टर,” सुमंतराव हळू आवाजात म्हणाले, “चेक्स द पल्स.” ऐंशी जणांनी श्वास रोखून डेनिसच्या चेहऱ्याकडे पाहिलं.

डेनिसने वड्याचा घास घेतला, समाधानाने मान हलवली.

“वेल,” तो म्हणाला, “थँक गॉड दे हॅड अ डॉक्टर.”